जेकचा चेहरा बदलला : गर्ट्रूड बर्ग यांचं प्रकरण

1950 च्या सप्टेंबरात गर्ट्रूड बर्ग यांना निरोप आला : मालिकेत तुमच्या नवऱ्याचं काम करणाऱ्या फिलिप लोब यांना काढा. निरोप जनरल फूड्सचा होता. कॉफीपासून जेलीपर्यंत सगळं पॅकबंद करून विकणारी ही बलाढ्य अमेरिकन कंपनी सीबीएस या टीव्ही नेटवर्कवरच्या ‘द गोल्डबर्ग्ज’ या मालिकेची प्रायोजक होती. त्या काळी प्रायोजक म्हणजे त्या अर्ध्या तासाचा जवळजवळ मालकच. लोब यांच्या अभिनयाबद्दल कंपनीचं काही म्हणणं नव्हतं. त्यांचं नाव जूनमध्ये निघालेल्या एका पुस्तिकेत छापून आलं होतं, एवढंच.

मालिकेची कल्पना बर्गबाईंची, भागामागून भाग लिहिणार त्याच, निर्मितीवर हुकूम त्यांचा आणि मॉली गोल्डबर्ग ही मुख्य भूमिकाही त्यांचीच. पटकथा लिहिणाऱ्या बाईने संहिता द्यायची, पैसे घ्यायचे आणि पुढे तिचं काय होतं ते थिएटरात जाऊन बघायचं, हा त्या पिढीचा रिवाज. एवढी सत्ता एका हातात असलेल्या लेखिका मोजक्याच. दिवसा चालणाऱ्या रेडिओ मालिकांच्या दुनियेतल्या इर्ना फिलिप्स या अशांपैकी एक. तरीही सोळा महिन्यांनी लोब मालिकेतून गेले. बर्गबाई भ्याल्या म्हणून गेले, असं म्हणता येत नाही, कारण त्या लढल्या होत्या. मग लेखिकेच्या हातात नेमकं काय होतं आणि काय नव्हतं, हा या प्रकरणाचा प्रश्न आहे.

आधी ती सत्ता आली कुठून ते पाहू. बर्गबाई मूळच्या टिली एडेलस्टाइन, न्यूयॉर्कच्या ईस्ट हार्लेममधल्या ज्यू घरातल्या. वडिलांचं कॅट्सकिल डोंगरात फ्लाइशमन्स गावी उन्हाळी हॉटेल होतं. पाऊस लागला की पाहुण्यांची पोरं कंटाळून धिंगाणा घालत, म्हणून टिली त्यांच्यासाठी छोटी नाटुकली रचून बसवायची. 1918 मध्ये लुईस बर्ग या इंजिनिअरशी लग्न झालं. त्यांच्या साखर कारखान्यातल्या नोकरीपायी काही काळ लुइझियानात काढून दोघं न्यूयॉर्कला परतले. बाईंचं रेडिओवरचं सुरुवातीचं काम मोठं गमतीचं होतं : ख्रिसमसच्या बिस्किटांची कृती यिडिश या युरोपीय ज्यूंच्या भाषेत वाचायची, तीही जाहिरात म्हणून. यिडिश त्यांना धड येत नव्हती.

मालिकेची संहिता त्यांनी एनबीसी या रेडिओ नेटवर्कच्या अधिकाऱ्यापुढे ठेवली ती हाताने लिहिलेली. अक्षर लागेना, म्हणून त्यांनाच वाचून दाखवायला सांगितलं. त्यांनी सगळ्या पात्रांच्या आवाजात वाचली आणि लेखनाबरोबर मॉलीची भूमिकाही मिळवली. गिचमीड अक्षर मुद्दामच काढलं होतं, असंही सांगतात. ते खरं असो नसो, बाईंच्या स्वभावाला शोभणारं आहे. ‘द राइज ऑफ द गोल्डबर्ग्ज’चा पहिला भाग 20 नोव्हेंबर 1929 ला गेला. शेअर बाजार कोसळल्याला महिनाही झाला नव्हता. बाईंना आठवड्याला 75 डॉलर मिळत आणि नटांचे पैसे त्यातूनच द्यायचे असत. 1931 मध्ये पेप्सोडेंट टूथपेस्टने प्रायोजकत्व घेतलं आणि मालिका रोज पंधरा मिनिटांची झाली.

रोज पंधरा मिनिटं म्हणजे रोज एक नवी संहिता. बाई पहाटे उठून पेन्सिलीने लिहायच्या, मग स्टुडिओत जाऊन तालीम घ्यायच्या आणि मग थेट प्रक्षेपणात स्वतः बोलायच्या. नाव झालं, पैसा आला, पार्क अॅव्हेन्यूवर प्रशस्त घर झालं, तरी त्या साधे कपडे घालून लोअर ईस्ट साइड या ज्यू स्थलांतरितांच्या वस्तीतल्या बाजारात जात आणि बायका भाव करताना कशा बोलतात ते ऐकत. मॉलीचं इंग्रजी तिथून आलेलं आहे : शब्दांचा क्रम उलटा, म्हणींची मोडतोड, पण अर्थ असा नेमका की ऐकणारा आधी हसतो आणि मग गप्प होतो. स्थलांतरित माणसाच्या बोलण्याची टिंगल करून हशा मिळवण्याची तेव्हा रीतच होती. बर्गबाईंनी हसं केलं ते परिस्थितीचं. बोलणाऱ्या बाईचा शहाणपणा त्यांनी कधी खाली येऊ दिला नाही. लेखिका म्हणून त्यांची थोरवी मला इथेच दिसते.

गोल्डबर्ग कुटुंबाचा पत्ता ब्राँक्समधला, 1038 ईस्ट ट्रेमाँट अॅव्हेन्यू. इमारतीच्या मधल्या बोळात उघडणाऱ्या खिडकीतून मॉली शेजारणीला ‘यू-हू, मिसेस ब्लूम!’ अशी हाक घालायची. गिरगावातल्या चाळीच्या गॅलरीत वाढलेल्या माणसाला ही हाक समजावून सांगावी लागणार नाही. आणि या घरगुती गप्पांत बाहेरचं जगही शिरत असे. 1939 मधल्या, ज्यूंच्या वल्हांडण सणाच्या भागात कुटुंब जेवणाच्या टेबलाशी प्रार्थनेला बसलेलं असताना कुणीतरी खिडकीवर दगड मारतं, काच फुटते. जर्मनीत ज्यूंची दुकानं आणि प्रार्थनामंदिरं फोडली गेल्याला तेव्हा सहा महिनेही झाले नव्हते. साबण आणि टूथपेस्टच्या पैशावर चालणाऱ्या माध्यमात हे लिहिणं सोपं नव्हतं. बाईंची हिंमत 1950 मध्ये अचानक उगवलेली नाही, हे ध्यानात यावं म्हणून हे सांगतो.

मधे एक हॉलिवूडची फेरी झाली. बॉबी ब्रीन या बालगायकाच्या ‘मेक अ विश’ या 1937 च्या चित्रपटाची पटकथा त्यांनी इतरांबरोबर लिहिली. पण सिनेमात लेखक हा अनेकांतला एक, आणि बाईंना सवय होती शेवटचा शब्द आपला असण्याची. त्या रेडिओकडे परतल्या.

1948 मध्ये त्यांनी याच कुटुंबावर ब्रॉडवेसाठी, म्हणजे न्यूयॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीसाठी, ‘मी अँड मॉली’ हे नाटक लिहिलं. त्यात मॉलीचा नवरा जेक झाले फिलिप लोब. लोब 1891 चे, मुरलेले नट. मार्क्स बंधू या विनोदी नटांच्या ‘रूम सर्व्हिस’ चित्रपटातही दिसलेले. अभिनय शिकवायचे, आणि अॅक्टर्स इक्विटी या नटांच्या संघटनेत भांडायचे. तालमीच्या दिवसांचे पैसे नटांना मिळावेत यासाठी झगडणाऱ्यांत ते पुढे होते. नाटकातली जोडी जमली आणि बाईंनी दूरचित्रवाणीचा विचार सुरू केला. सीबीएसच्या अधिकाऱ्यांना रेडिओचं हे जुनं प्रकरण पडद्यावर चालेलसं वाटेना. बाईंनी सरळ अध्यक्ष विल्यम पेली यांना गाठलं. जानेवारी 1949 मध्ये मालिका पडद्यावर आली, न्यूयॉर्कच्या स्टुडिओतून थेट. वर्षाच्या आत ती घराघरात पोचली. 1950 मध्ये पॅरामाउंटने तिच्यावर चित्रपट काढला. त्याची पटकथा बर्गबाई आणि एन. रिचर्ड नॅश यांची आणि त्यातही जेक लोबच होते. जानेवारी 1951 मध्ये बर्गबाईंना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं एमी हे टीव्हीतलं मानाचं पारितोषिक मिळालं. अभिनेत्रीसाठीचं हे पहिलंच एमी.

आता खिडकीकडे पुन्हा एकदा बघावं लागतं, कारण प्रकरणाचं मूळ तिथे आहे. प्रत्येक भागाच्या सुरुवातीला मॉली खिडकीतून बाहेर वाकायची आणि कॅमेऱ्याकडे, म्हणजे प्रेक्षकाकडेच, शेजाऱ्यासारखी बोलायची. बोलता बोलता विषय सांका कॉफीवर यायचा. सांका ही कॅफिन काढलेली कॉफी, जनरल फूड्सची. खिडकीच्या कट्ट्यावर रोपाची कुंडी म्हणून सांकाचाच डबा. मग मॉली आत वळायची आणि गोष्ट सुरू व्हायची. जाहिरात वेगळी काढून दाखवता येणार नाही इतकी ती लेखनात मुरवलेली. कारागिरी म्हणून हे अव्वल काम आहे. सांकाची शिफारस मॉलीच करते, म्हणून ती विकली जाते. पण त्यामुळे मालिकेच्या दारात, खरं तर खिडकीतच, कंपनी कायमची उभी राहिली. प्रेक्षकाच्या मनात सांका आणि गोल्डबर्ग यांचं घर एक झालं होतं, तेव्हा त्या घरात कोण राहतं याची चिंता कंपनीला पडणार हे उघड होतं.

22 जून 1950 ला ‘रेड चॅनल्स’ ही पुस्तिका निघाली. एफबीआय या अमेरिकेच्या केंद्रीय तपास यंत्रणेतून बाहेर पडलेल्या माणसांनी ‘काउंटरअटॅक’ नावाचं कम्युनिस्टविरोधी वार्तापत्र चालवलं होतं, त्यांचीच ही निर्मिती. रेडिओ-टीव्हीतल्या 151 जणांची नावं, प्रत्येकापुढे त्याने कधीतरी सही केलेली पत्रकं, हजेरी लावलेल्या सभा, पाठिंबा दिलेल्या समित्यांची यादी. आरोप असा कुठेच स्पष्ट नव्हता, पण हे कम्युनिस्ट किंवा त्यांचे साथी, असं वाचणाऱ्याने समजून घ्यायचं. लोब यांच्या नावापुढे बेसबॉलमधला वर्णभेद संपवा म्हणणाऱ्या समितीचाही उल्लेख होता. खटला नाही, साक्ष नाही, उत्तर देण्याची जागा नाही. हीच मंडळी कंपन्यांना पैसे घेऊन माणसांची माहिती पुरवायचीही कामं करत, म्हणजे रोग आणि औषध एकाच दुकानात.

यादीला धार आली ती प्रायोजकांच्या भीतीने. किराणा मालाच्या कंपनीला बहिष्काराइतकं दुसरं कसलं भय नसतं. सिरॅक्यूसमधल्या लॉरेन्स जॉन्सन नावाच्या सुपरमार्केटवाल्याने पुढे हेच शस्त्र केलं : अमक्या नटाला घेतलंत तर तुमच्या मालाशेजारी फलक लावीन. ऑगस्ट 1950 मध्ये ‘द आल्ड्रिच फॅमिली’ या मालिकेतून जीन म्युअर या अभिनेत्रीला पहिल्या भागाच्या आधीच काढलं गेलं. थोडे फोन आले आणि प्रायोजक हादरला, एवढ्यावर. तो प्रायोजक होता जनरल फूड्स. बर्गबाईंना निरोप आला तेव्हा कंपनीचा हात या कामावर बसलेला होता.

बाईंनी नकार दिला. लोब यांनी आपण कम्युनिस्ट नाही आणि कधीच नव्हतो असं ठामपणे सांगितलं आणि बाईंचा त्यांच्यावर विश्वास होता. मला भाग पाडलंत तर मी गावोगाव व्यासपीठांवर उभी राहून लोकांना जनरल फूड्सचा माल घेऊ नका म्हणून सांगेन, असं त्यांनी कंपनीला बजावल्याची हकीकत प्रसिद्ध आहे. कंपनी तात्पुरती गप्प बसली. लोब 1950-51 चा हंगाम जेकचं काम करत राहिले. काळ्या यादीच्या इतिहासात असं फार थोड्या वेळा घडलं आहे. ते घडलं याचं कारण उघड आहे. मॉली ज्या खिडकीतून सांका विकत होती, त्याच खिडकीतून तिने सांकाविरुद्ध बोलायला सुरुवात केली असती, तर कंपनीला ते परवडलं नसतं.

मग 1951 च्या वसंतात जनरल फूड्सने प्रायोजकत्व सोडलं. कारण दिलं खर्चाचं. जूनमध्ये मालिका सीबीएसवरून गेली.

एनबीसीने मालिका घ्यायची तयारी दाखवली, पण प्रायोजक मिळेना. लोब असतील तर नको, असं तोंडावर सांगणारे थोडे. बाकीचे नुसतेच उत्तर लांबवणारे. हंगाम सुरू झाला, शरद उलटला. अंकल डेव्हिड झालेले एलाय मिंट्झ, मुलगी रोझली झालेली आर्लीन मॅक्वेड, मुलगा सॅमी झालेला लॅरी रॉबिन्सन आणि पडद्यामागची सगळी माणसं बसून होती. लोब यांना आधी पैसे देऊ केले गेले तेव्हा त्यांनी ते नाकारले होते, कारण घेतले असते तर गुन्हा कबूल केल्यासारखं दिसलं असतं. पण त्यांचाही हात अडकलेला होता. त्यांचा मुलगा मानसिक आजाराने खाजगी संस्थेत होता आणि तो खर्च त्यांच्याच पगारातून चालत असे. जानेवारी 1952 मध्ये तडजोड झाली. लोब यांनी पैसे घेतले आणि ते बाहेर पडले. त्याच वर्षी त्यांना सिनेटच्या उपसमितीपुढे उभं राहावं लागलं. तिथेही त्यांनी आरोप नाकारला, आणि त्याचा काही उपयोग झाला नाही.

फेब्रुवारी 1952 मध्ये ‘द गोल्डबर्ग्ज’ एनबीसीवर परतली. जेक घरी होताच. फक्त आता तो हॅरॉल्ड स्टोन होता, आणि पुढच्या वर्षी रॉबर्ट हॅरिस.

लेखनाच्या दृष्टीने मला या प्रकरणातली सर्वांत बोलकी गोष्ट ही वाटते. बर्गबाईंपुढे जेकला गोष्टीतून घालवण्याचा रस्ता होता. त्याला कामासाठी परगावी पाठवता आलं असतं, मॉलीला विधवा करता आलं असतं, रिकामी खुर्ची दाखवून प्रेक्षकाला प्रश्न पडू देता आला असता. रिकाम्या खुर्चीची गोष्ट त्यांनी लिहिली असती तर अमेरिकन टीव्हीवर त्या दशकातलं ते सर्वांत धाडसी लेखन ठरलं असतं, असं मला वाटतं. पण ते एकाही प्रायोजकाने विकत घेतलं नसतं. त्यांनी पात्र ठेवलं आणि नट बदलला. हे करता आलं कारण पात्र त्यांच्या मालकीचं होतं. ज्या मालकीच्या जोरावर त्या लोब यांच्या बाजूने सोळा महिने उभ्या राहू शकल्या, त्याच मालकीमुळे लोब यांच्याशिवाय जेक शिल्लक राहू शकला. नटाजवळ त्याच्या चेहऱ्यापलीकडे काही नसतं, आणि यादीत नाव त्या चेहऱ्याचंच होतं. काळ्या यादीत सापडलेल्या लेखकांपैकी काहींनी दुसऱ्याच्या नावाने पटकथा विकून ते दिवस ढकलले. नटाला तीही सोय नव्हती.

त्यानंतरची मालिका पूर्वीची राहिली नाही. एनबीसीवर ती आठवड्यातून तीनदा पंधरा-पंधरा मिनिटांची झाली, 1954 मध्ये डूमाँट या डबघाईला आलेल्या नेटवर्कवर काही महिने चालली, आणि शेवटी 1955-56 मध्ये फिल्मवर चित्रित करून एकेका स्टेशनला विकली गेली. या अखेरच्या पर्वात कुटुंब ब्राँक्स सोडून हॅव्हरव्हिल नावाच्या काल्पनिक उपनगरात राहायला गेलं. बोळातली खिडकी गेली आणि तिच्याबरोबर मिसेस ब्लूमही गेल्या. मालिकेच्या उताराचं सगळं खापर काळ्या यादीवर फोडणं मात्र मला पटत नाही. उपनगरी, कुठल्याच जातकुळीचं नसलेलं कुटुंब हा तेव्हाच्या टीव्हीचा नवा साचा होता, आणि उद्योगच न्यूयॉर्कच्या थेट प्रक्षेपणातून लॉस एंजेलिसच्या फिल्मकडे सरकत होता. यादीने केलं ते असं, की या बदलाला तोंड देण्याच्या ऐन वेळी मालिका आठ महिने पडद्याबाहेर राहिली.

लोब यांना रंगभूमीवर तुरळक कामं मिळाली. मुलाला खाजगी संस्थेतून सरकारी रुग्णालयात हलवावं लागलं. करवसुलीवाले मागे लागले. काही काळ ते नटमित्र झीरो मोस्टेल यांच्याकडे राहत होते. 1 सप्टेंबर 1955 ला न्यूयॉर्कच्या टॅफ्ट हॉटेलमध्ये झोपेच्या गोळ्या घेऊन त्यांनी आयुष्य संपवलं. 1976 च्या ‘द फ्रंट’ या चित्रपटातल्या, काम गेल्यामुळे हॉटेलात जीव देणाऱ्या नटामागे लोब यांची छाया आहे. ते काम केलं मोस्टेल यांनीच, आणि तेही एकेकाळी यादीतलेच होते.

बर्गबाई टिकल्या. 1959 मध्ये ‘अ मेजॉरिटी ऑफ वन’ नाटकासाठी त्यांना टोनी हे रंगभूमीचं मानाचं पारितोषिक मिळालं. 1961 मध्ये सीबीएसवर त्यांची नवी विनोदी मालिका आली, तिची निर्मिती मात्र फोर स्टार या कंपनीची होती. 14 सप्टेंबर 1966 ला त्या गेल्या. लेखिका म्हणून घराचं सगळं घरपण स्वतः रचायचं हे त्यांचं काम मात्र गोल्डबर्ग मंडळींबरोबरच थांबलं होतं.

बाईंनी दुसरं काय करायला हवं होतं, असं विचारणारे विचारतात. मालिका कायमची बंद केली असती तर हात स्वच्छ राहिले असते आणि वीस-पंचवीस घरांच्या चुली विझल्या असत्या. लोब यांना काम तरीही मिळालं नसतं. आधीच फिल्मवर जाऊन प्रायोजकाशिवाय स्टेशनांना मालिका विकायची, हा मार्ग 1955 मध्ये त्यांनी धरला, पण 1951 मध्ये तो त्यांच्या आवाक्यात होता असं दिसत नाही.

तुलना करायची तर अभिनेत्री ल्युसिल बॉल यांच्याशी करावी. ‘आय लव्ह लूसी’ ही त्यांची मालिका सीबीएसवर ऑक्टोबर 1951 मध्ये सुरू झाली, म्हणजे गोल्डबर्ग तिथून गेल्यावर चार महिन्यांनी. सप्टेंबर 1953 मध्ये गौप्यस्फोट झाला, की बॉल यांनी 1936 मध्ये मतदार नोंदणीत कम्युनिस्ट पक्ष लिहिला होता. ही त्यांच्याच हातची लेखी नोंद होती, लोब यांच्याविरुद्ध होती तशी सभा-समित्यांची नुसती सूचक यादी नव्हती. आजोबांच्या समाधानासाठी लिहिलं, असं बॉल यांनी सांगितलं. सीबीएस पाठीशी राहिलं, फिलिप मॉरिस ही सिगारेट कंपनीही राहिली, आणि आठवडाभरात विषय संपला. देशातली सर्वांत जास्त बघितली जाणारी मालिका आणि नाव खुद्द नायिकेचं, तिला काढलं तर विकायला काहीच उरत नव्हतं. लोब दुसऱ्या क्रमांकाचे होते. त्यांना वाचवायचं तर बर्गबाईंना स्वतःला पणाला लावावं लागत होतं, आणि एकदा त्यांनी ते लावलंही. बहिष्काराची धमकी चालली, कारण तेव्हा खिडकीत सांकाचा डबा होता. वसंतात कंपनीने कंत्राट नुसतं संपू दिलं आणि डबा उचलून नेला, तेव्हा बाईंनी लोकांना कशाविरुद्ध उभं करायचं हेच उरलं नाही.